राजगडाखाली मी खाल्लेला मार

भोरात मला 'सिनेमावाला' म्हणत, आणि ते काही कौतुकानं नव्हे. संस्थानच्या कचेरीतली नोकरी सोडून मी पुण्याला मूकपट काढायला गेलो, तेव्हापासून अण्णांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, माझ्याशी बोलणं टाकलं. घरी गेलो की ते आईला सांगत, "त्याला म्हणावं, पान मांडलंय." मी समोरच उभा असे.

माझं पहिलं चित्र धार्मिक. विष्णू आकाशातून उतरताना दोरीला पीळ पडला आणि देवांनी भक्ताकडे पाठ करून आशीर्वाद दिला. ही कीर्ती अण्णांपर्यंत पोचलीच. मग ऐतिहासिक काढायचं ठरवलं. ते तरी अण्णांनी येऊन पाहावं, एवढीच माझी हाव होती.

१९२७ साली राजगडाखाली पालीत मुक्काम टाकला. मावळे व्हायला अख्खं गाव तयार, शत्रू व्हायला कुणीच नाही. गावातले वडीलधारे गेनबा मला म्हणाले, "गडाच्या पायथ्याला आमी गनीम व्हायचं? न्हाई जमायचं. गावात तोंड दावायचं हाय." शत्रूच्या सरदाराच्या कामाला आणलेला पुण्याचा नट मावळ्यांची तालीम बघूनच कापूरहोळच्या वाटेला लागला. शेवटी दाढी मीच चिकटवली. दिग्दर्शक मी, सरदारही मीच. अक्कल मात्र एकट्यापुरतीसुद्धा नव्हती.

मी दोघांना लोळवायचं आणि मग गेनबांच्या लाकडी तलवारीनं पडायचं, असं ठरलं होतं. कॅमेऱ्यावरच्या आनंदला बजावलं, "मी थांब म्हणेपर्यंत हँडल सोडायचं नाही." लोळायला कुणीच तयार नाही, हे मला पहिल्याच वाराला कळलं. सगळे मावळे एकदम अंगावर आले. दाढी सुटून तोंडात गेली, मला 'थांब' म्हणता येईना, आणि आनंद पडला आज्ञाधारक.

शेवटी गेनबांनीच हात देऊन उठवलं. ओशाळून म्हणाले, "आवो, मदीच इसरलो तुमी हाय ते."

भोरात तंबूत चित्र लागलं. सरदार पडला तशी माणसं उभी राहून टाळ्या पिटू लागली. चित्र धो धो चाललं. दिग्दर्शक कोण, हे कुणी विचारलं नाही. बाजारात मला पाहून लोक "हाणा" म्हणत.

एके सकाळी अण्णा ओटीवर आले. आई पाण्याला गेलेली, त्यामुळे निरोप द्यायला मध्ये कुणी नव्हतं.

"काल तंबूत मागं उभा होतो मी," ते खांबाकडे बघत म्हणाले. मग माझ्याकडे वळून, "मध्या, फार लागलं का रे?"

"नाही," म्हणालो. पालीत एवढा मार खाऊन जे आलं नव्हतं, ते रडू मला तिथं आलं.