गाव विचारायचं नाही

त्या सोमवारी दुपारी एक बाप ठाण्यात आला आणि म्हणाला, "साहेब, माही पोरगी सकाळपासून घरी नाही."

ती दुपार माझ्या मनातून अजून गेलेली नाही. सेवेत याहून मोठे गुन्हे पाहिले, पण माझ्या संयमाची एवढी परीक्षा एखाद्या दरोड्यानेही घेतली नाही. निवृत्तीनंतर आठवणी लिहायच्या ठरवल्या तेव्हा पत्नी म्हणाली होती, "आधी त्या सर्व्हरचं लिहा." ती आता नाही. म्हणून आधी तेच लिहायला घेतले आहे. फार हळू लिहिले जाते.

मी तेव्हा बुलढाणा जिल्ह्याच्या दक्षिणेकडच्या एका ठाण्याचा ठाणेदार होतो. तो बाप डोणगावच्या बाजारात भाजी विकणारा शेतकरी. मुलीने बारावीची परीक्षा दिलेली, अठरा पूर्ण व्हायला काही महिने बाकी. शाळेतून दाखला आणते म्हणून निघाली आणि शाळेत पोचलीच नाही. फोन बंद. अल्पवयीन मुलगी बेपत्ता झाली की नुसती हरवल्याची नोंद करून भागत नाही, अपहरणाचा गुन्हा दाखल करावा लागतो. अंमलदाराने फिर्याद लिहायला घेतली आणि आरोपीच्या जागी 'अज्ञात इसम' असे लिहिले. तेवढ्यात मुलीचा चुलता पुढे आला. गावातला पुढारी माणूस.

"अज्ञात काऊन लिहून राह्यले साहेब? नाव हाय ना आमच्यापाशी."

त्याने त्यांच्याच गावातल्या एका तरुणाचे नाव सांगितले. पुरावा विचारला तर म्हणाला, "दोघं एकाच सर्व्हरवर असतात. माह्या पोरानं डोळ्यानं पाह्यलं."

"कसला सर्व्हर?"

"मोबाईलवर तो ठोकळ्यायचा गेम नाही का, ठोकळे रचून घरं बांधतात? ह्यानंच तिले सर्व्हरवर नेलं."

"नेलं म्हणजे कुठं नेलं?"

"आता ते पोलिसायनं पाहा! सर्व्हर कुठं हाय ते काढा अन् तिथं गाडी पाठवा."

अंमलदार मान खाली घालून हसला. चुलता खुर्ची पुढे ओढत हळू आवाजात म्हणाला, "अन् साहेब, तो पोरगा आपल्यातला नाही."

'आपल्यातला' या शब्दात त्याने मलाही बसवून घेतले होते. माझे आडनाव टेबलावरच्या पाटीवर लिहिलेले होते.

मी फिर्यादीत नाव घातले नाही. एकाच खेळात दोघे खेळतात एवढ्यावर अपहरणाचा आरोपी होत नाही. त्या तरुणाला दुसऱ्या दिवशी सकाळी चौकशीसाठी बोलावले. खरे तर बोलावले म्हणणे बरोबर नाही. गावात वातावरण तापले होते, म्हणून गाडी पाठवून आणवले.

मुलगा विशीतला, बौद्ध कुटुंबातला. वडील गवंडीकाम करणारे. त्याच्यामागे आईही एसटीने आली आणि ठाण्याच्या आवारात उभी राहिली. बस म्हटले तरी बसेना. "साहेब, त्याची पोलीस भरती झाली हो. मैदान झालं, पेपर झाला, नाव लागलं. आता फक्त तुमची पडताळणी बाकी हाय. त्याच्यावर काही लिहू नका. एकदा लिहिलं का मंग पुसल्या जात नाही."

तिचे म्हणणे शब्दशः खरे होते. अपहरणाच्या गुन्ह्यात नाव आले की चारित्र्य पडताळणी अडते. पुढे निर्दोष ठरला तरी तोवर ती जागा दुसऱ्याची झालेली असते. बाहेर चुलता चार माणसे घेऊन बसला होता. वरिष्ठांचा फोन आला, "नाव का टाकत नाही? आमदारांचा माणूस विचारतोय." मी संध्याकाळपर्यंतचा वेळ मागून घेतला. संध्याकाळपर्यंत मुलगी मिळाली नाही तर नाव घालावे लागणार, हे मला, त्या आईला आणि बहुधा त्या मुलालाही कळले होते.

आणि तो मुलगा बोलेना.

"कुठं आहे ती?"

"मले माईत नाही साहेब."

"सर्व्हरवर आणखी कोण असतं?"

"भेंडी किंग असते. वाघोबा असते. मावळती असते."

"खरी नावं सांग."

"माईत नाही."

"गावं?"

"माईत नाही."

"दोन वर्षं रोज ज्यांच्याबरोबर खेळतोस त्यांचं गाव माहीत नाही? मला येडा समजतो का बे?"

"साहेब, नियमच हाय तसा. सर्व्हरवर कोणाले गाव विचारायचं नाही, आडनाव विचारायचं नाही. विचारलं का बाहेर काढतात."

मी डोके धरून बसलो. आमचा कोणताही जबाब नाव, आडनाव, जात, गाव येथून सुरू होतो. त्याशिवाय पुढची ओळ लिहिताच येत नाही. आणि येथे पोरांनी नेमके तेवढेच वगळून एक दुनिया चालवली होती. हा नियम कोणत्या शहाण्याने केला म्हणून मी विचारले.

"सर्व्हर जिचा हाय तिनं. मावळतीनं. पहिले एकानं एकाले आडनाव विचारलं होतं. मंग त्याच्या घराकडं कोणी येईना. बाजूच्यायनं भिंती बांधून घेतल्या. तिनं त्यायले हाकललं अन् नियम केला."

"ज्याला आडनाव विचारलं तो कोण होता?"

"ते घर माहंच होतं साहेब." मी पुढे विचारले नाही.

मुलगी आणि तो एकाच गावात वाढलेले, पण गावात एकमेकांशी बोलत नसत. सर्व्हरचा पत्ता मात्र त्यानेच तिला दिला होता, हे त्याने कबूल केले. तेथे तिचे नाव भेंडी किंग. बापाच्या शेतात भेंडीच असे.

आमच्या महिला पोलीस शिपायाने त्याला बाजूला नेऊन पाणी दिले आणि सरळ सांगितले, "दादा, तू मुका बसशील तर बाहेरचे तुझं नाव लिहवूनच जातील. तुझी माय सकाळपासून उन्हात उभी हाय. पाह्य तिच्याकडं." मग तो बोलला.

"साहेब, ती कालपासून सर्व्हरवर हाय."

"सकाळपासून विचारतोय तुला! मग सांगितलं का नाही?"

"तुम्ही 'कुठं हाय' असं इचारलं. कुठं हाय ते मले खरंच माईत नाही."

माणसाने पोलीस खात्यात यायच्या आधीच पोलिसी उत्तरे शिकू नयेत. मी जमा करून घेतलेला त्याचा फोन त्याच्या हातात दिला. त्याने खेळ उघडला, सर्व्हरच्या यादीतल्या एका नावावर बोट ठेवले आणि आम्ही आत गेलो. चौकोनी झाडे, चौकोनी सूर्य, चौकोनी गाई. दूर एका टेकाडावर भेंडी किंग भिंत रचत उभी होती. इकडे तिच्या नावाने चूल पेटली नव्हती, आणि ही तेथे शांतपणे ठोकळ्यावर ठोकळा ठेवत होती.

"विचार तिला, कुठं आहेस."

त्याने लिहिले. उत्तर आले: 'गाव विचारायचं नाही. नियम आहे.'

महिला शिपायाला हसू आवरेना. मी टेबलावर हात आपटला. "सांग तिला, मी ठाण्यात आहे, पोलिसांनी आणलंय." त्याने तेही लिहिले. उत्तर आले: 'बाबांनी तुझा फोन घेतला का? काका आहे का हा?' आणि ती आपली भिंत सोडून आत निघून गेली. चार ओळी आणखी लिहिल्या, पण ती बोलेना.

सायबर शाखेला सर्व्हरचा पत्ता कळवला होता. तो परदेशातल्या एका कंपनीच्या नावावर निघाला, तिला मेल केला आहे, उत्तर आले की कळवतो, असा निरोप आला. तिच्या फोनचे शेवटचे लोकेशन खामगावच्या बसस्थानकाचे होते. त्यानंतर सिम बंद. खामगावहून एसटी चारही दिशांना जातात.

तेवढ्यात मुलगा म्हणाला, "साहेब, एक सांगू का? ती मावळतीच्या घरी असन."

"कशावरून?"

"आमच्या गावात नेटवर्क धड नाही. ती चालताना नेहमी अटकत अटकत चाले. कालपासून पान्यासारखी चालून राह्यली. ज्या घरी सर्व्हर असते, त्या घरच्याचंच असं चालते."

हे मला पटले. पण मावळती कोठली? बोलणे आपल्याकडचे आहे एवढेच त्याला ठाऊक. मी आणखी काही विचारणार तोच पडदा काळा झाला. सगळी टेकाडे, गाई, भिंत, सारे नाहीसे झाले.

"काय केलंस?"

"मी काही नाही केलं. तिकडची लाईट गेली असन. पत्ता तेवढा बाहेरच्या कंपनीचा, सर्व्हर चालते तिच्या घरच्या कॉम्प्युटरवर. लाईट गेली का सगळ्यायचं जग बंद."

नेमका तेव्हाच पत्नीचा फोन आला. जेवायला येणार का म्हणून. ती शाळेत भूगोल शिकवायची. मी जेवणाचे सोडून तिच्यावरच घसरलो. चुलता, आमदार, सायबर, ठोकळे, गाई, आणि आता लाईट गेली म्हणून जग बंद, सगळे एका दमात ओकलो. ती शांतपणे ऐकून म्हणाली, "अहो, मग आत्ता कुठं लाईट गेली ते वीज कंपनीला विचारा ना. आपली जाते तेव्हा माझ्या मावशीकडची असते. सगळ्यांची एकदम कुठं जाते?"

मी फोन ठेवला. उन्हाळा होता, भारनियमन चालू होते, आणि प्रत्येक फीडरची, म्हणजे वीजवाहिनीची, वेळ वेगळी असते हे जिल्ह्यातल्या प्रत्येक घराला पाठ होते. फक्त तपास करणाऱ्याला सुचले नव्हते.

खामगावच्या पुढच्या तालुक्यांतल्या वीज उपकेंद्रांना फोन लावले. एका ऑपरेटरला वाटले मी तक्रार करतोय. "साहेब, आमच्या हातात नाही, वरून बंद करतात," एवढेच तो सांगत राहिला. त्याला समजावता समजावता माझा घसा बसला. शेवटी कळले की त्या वेळी दोन ठिकाणी वीज गेली होती. एक धामणगाव बढेच्या बाजूला, दुसरे वरवट बकालच्या पुढच्या काही खेड्यांत. मग सर्व्हर परत येण्याची वाट पाहत बसलो. आला. ऊन उतरता उतरता पुन्हा गेला. या वेळी धामणगावच्या बाजूला दिवे चालू होते.

वरवट बकालच्या फीडरवरच्या गावांच्या पोलीस पाटलांना एकच प्रश्न विचारला: घरी कॉम्प्युटर आणि वायरचे इंटरनेट असलेली कॉलेजची मुलगी कोणाची? दुसऱ्याच पाटलाने सांगितले, "हाव, हाय ना. अंगणवाडीच्या बाईची. तिच्याकडं कालपासून मैत्रीण आली हाय पाहुणी. काऊन, काय झालं?"

चुलत्याचे म्हणणे अक्षरशः पाळले गेले. सर्व्हर होता तेथे गाडी पाठवली. तिकडच्या ठाण्याची माणसे पोचली तेव्हा दोन्ही मुली लाईटची वाट पाहत ओट्यावर चिंचा फोडत बसल्या होत्या. अंगणवाडीच्या बाईंना त्यांच्या मुलीने मैत्रीण ॲडमिशनच्या कामाला आल्याचे सांगितले होते. त्या बिचाऱ्या तिला दोन वेळ जेवू घालत होत्या.

मुलीला आणल्यावर महिला शिपायाने जबाब घेतला. नियमाप्रमाणे पुढे बालकल्याण समितीपुढे हजर केले. जबाबात ती म्हणाली, "मले कोणी नेलं नाही. बुधवारी पाहुणे येनार होते मले पाहाले. घरी सांगून पाह्यलं, कोणी ऐकलं नाही. मी मावळतीले विचारलं, येऊ का? ती म्हणे ये." मग ती माझ्याकडे वळली. "त्याले काऊन आणलं तुम्ही? त्यानं काय केलं?"

बापाला मी कायदा समजावून सांगितला. अठराच्या आत लग्न लावले तर याच खुर्चीत तो आरोपी म्हणून बसेल. तो रडला. पाहुण्यांना येऊ नका म्हणून त्याने ठाण्यातूनच कळवले. चुलता उठला, टोपी झटकली आणि म्हणाला, "चला, सापडली ना. मिटलं."

आवारातून त्या मुलाची आई म्हणाली, "तुमचं मिटलं असन."

तेव्हा मला तिचा राग आला होता. तिचा मुलगा सुटला होता, कागदावर नाव आले नव्हते, पडताळणी स्वच्छ जाणार होती. आणखी काय हवे होते? दिवसभर मी त्या एका नावासाठी सगळ्यांशी भांडलो होतो.

ते नंतर कळले. चौकशीला बोलावणे म्हणजे आरोप नव्हे, हे कायद्याला कळते. गावाला एवढेच कळते की दारात पोलिसांची गाडी उभी होती आणि पोराला बसवून नेले. 'काही तरी असन म्हणून तं नेलं' हे वाक्य कोणत्याही फिर्यादीपेक्षा जास्त टिकते. त्याला खोटे ठरवून निकाली काढणारी ब समरी नाही, अपील नाही. कागदावर काय लिहायचे नाही ते पोलिसाच्या हातात असते. बाकीचे त्याच्या हातात नसते.

मुलगी नर्सिंगला गेली. मुलगा दुसऱ्या जिल्ह्यात शिपाई आहे आणि काम चोख करतो असे ऐकतो. त्याच्या गवंडीकाम करणाऱ्या वडिलांना गावात कामे मिळेनाशी झाली. येऊ नका असे तोंडावर कोणी सांगत नसे, पण बांधकामाला दुसऱ्या गवंड्याला बोलावून घेत. आता ते नवरा-बायको बुलढाण्याला भाड्याच्या खोलीत राहतात. गावातले घर त्यांनी विकलेले नाही. त्याला कुलूप आहे.