पितृपक्षात थांबलेली भिंत

आमच्या विहिरीच्या जागी आता गोदाम आहे. तिथून जाताना मला अजून ओल्या दोराचा वास आल्यासारखा वाटतो.

मानकोलीकडच्या आमच्या घराला लागूनच मोठ्या दिरांचं घर. मधल्या बोळातून दोन्ही घरच्या बायका विहिरीवर जायच्या. जाऊबाईंच्या आणि माझ्या सगळ्या गप्पा त्या बोळातल्या. मग दिरांनी कापड विणायचे लूम टाकले, जागा पुरेना, म्हणून बोळातच भिंत घातली. मला हंडा घेऊन रस्त्याने, चहाच्या टपरीवर बसलेल्या पुरुषांसमोरून जावं लागे. मान वर करायचं धाडस होत नसे. जाऊबाई भिंतीपलीकडून हाक मारायच्या, मी हळूच ओ द्यायची.

आमच्या ह्यांनी भिवंडीच्या कोर्टात दावा लावला. हुकूम झाला, पंधरा दिवसांत भिंत काढा. नेमका पितृपक्ष लागला. दीर अंगणात येऊन म्हणाले, "पितरांच्या दिवसांत घराला घण लावू काय?"

भांडण होतं, तरी हे म्हणाले, "नको दादा. दसरा होऊ दे."

दसरा झाला, भिंत तशीच. ह्यांचं डोकं फिरलं. वकिलांकडून हुकूम मोडल्याचा अर्ज दिला. त्याला कोर्टाचा अवमान म्हणतात आणि जेल होऊ शकते, एवढंच मला समजलं.

दुपारी जाऊबाई भिंतीशी आल्या. "खरंच नेतील काय गो त्यांना? सकाली चहा न्हाय मिलला तर उठत न्हाय आमचा माणूस. जेलात कोन देल?" मला हसू आलं, आणि त्या रडत होत्या.

संध्याकाळी भाकरी वाढताना मी ह्यांना म्हटलं, "पितृपक्षात थांब, असं तुम्हीच बोललात. तेवढं कोर्टात सांगा."

"तुला कोनी शिकवलं?"

"कोनी न्हाय."

लग्न झाल्यापासून एवढं मी कधी बोलले नव्हते.

तारखेला मीही गेले, मागे भिंतीला टेकून उभी राहिले. मुदतीत भिंत का काढली नाही, असं जजसाहेबांनी दिरांना विचारलं.

"पितरं होती साहेब."

लोक हसले. साहेब हसले नाहीत. तेवढ्यात हे उठले. "साहेब, थांब म्हणून मीच सांगितलं व्हतं."

आमच्या वकिलांनी कपाळाला हात लावला.

"मग अर्ज कशाला केला?" साहेबांनी विचारलं.

"दसरा पन गेला ना, साहेब."

साहेबांनी दिरांकडून माफी लिहून घेतली, आठ दिवस दिले. पुन्हा उशीर केलात तर जेल, म्हणाले.

दिरांनी त्याच संध्याकाळी लूम बंद केले. दोघा भावांनी आळीपाळीने घण मारला, एकमेकांशी न बोलता. भगदाड पडलं तशी जाऊबाईंनी त्यातून हात घालून माझा दंड धरला. दोघींच्या केसांत धूळ.

"आता तरी मोठ्यानं बोल गो. मधी भिंत न्हाय."

दुसऱ्या दिवशी हंडा घेऊन मी बोळातूनच गेले. हाक मात्र हळूच मारली.