पगारी लोकांचं फाटक

रॅल्फ हेझलडीनचा राग सगळ्या वेल्बरी गावाला ठाऊक होता. पाद्रीबाबांचा हा मुलगा लहानपणी बाद झाला की बॅट कुंपणापलीकडं भिरकावायचा. मोठा झाल्यावर पोस्टातल्या बाईशी उगीचच हुज्जत घालायचा. पण ज्या गोष्टीचा खरा संताप यायला हवा होता, ती वर्षानुवर्षं नाकासमोर होती आणि या शहाण्याला दिसली नाही.

ती गोष्ट म्हणजे मैदानात उतरायची वाट. वेल्बरीच्या काउंटी क्रिकेट संघात दोन जातींचे खेळाडू होते. हो, जातीच म्हणायच्या, दुसरं काय म्हणणार? हौशी आणि पगारी. हौशी म्हणजे घरचं खाऊन खेळणारे साहेबलोक. ते पॅव्हिलियनच्या मधल्या रुंद पायऱ्या उतरून यायचे. पगारी म्हणजे ज्यांची चूल खेळावर पेटायची ते. त्यांची खोली रोलरच्या शेडमागं, आणि त्यांचं फाटक बाजूला, जेमतेम शेळी जाईल एवढं. जेवणाची टेबलंसुद्धा वेगळी. एकाच संघाचे लोक दोन वाटांनी यायचे आणि मैदानात गेल्यावर शेजारी शेजारी उभे राहायचे. रॅल्फ हौशी. बॅटिंग देखणी करायचा, टाळ्या घेत पायऱ्या चढायचा, आणि बाजूच्या फाटकाकडं कधी मान वळवायचा नाही.

मग दुसरं महायुद्ध आलं. रॅल्फ मेजर झाला. त्याच्या तुकडीत सार्जंट म्हणून आला तो संघातलाच पगारी बोलर, टॉम पेगलर. इटलीतल्या एका नदीकाठी रॅल्फच्या कमरेत तोफगोळ्याचा तुकडा घुसला. बाकीचे अधिकारी मेले होते. पेगलरनं तुकडी हातात घेतली, पूल सोडला नाही, आणि जिवंत उरलेल्यांना परत आणलं. रॅल्फ स्ट्रेचरवर पडल्या पडल्या त्याचे हुकूम ऐकत होता. आपल्यापेक्षा हा माणूस चांगले हुकूम देतो, हे त्याला तिथं चिखलात कळलं.

लढाई संपली आणि काउंटीला कप्तान हवा झाला. कमिटीपुढं रॅल्फ म्हणाला, "पेगलरला करा."

सर ऑब्री कॅथकार्ट, कमिटीचे अध्यक्ष, चहा ढवळायचे थांबले. "पगारी माणूस कप्तान? अरे हेझलडीन, मग तो जेवायला कुठं बसणार?"

आणि सगळे हसले. आग लागो त्या हसण्याला!

रॅल्फच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "माणसं मरत होती तेव्हा तो कुठं बसला होता, ते नाही विचारलंत?"

"आवाज खाली. तू होतोस कप्तान, की माझ्या भाच्याला करू?"

हा भाचा चेंडू आला की डोळे मिटायचा. रॅल्फनं दातओठ खात होकार दिला. मनात मात्र म्हणाला, थांबा, दाखवतोच एकेकाला. काय दाखवणार ते कुणाला सांगितलं नाही. पेगलरलाही नाही, आणि तिथंच माशी शिंकली.

पहिल्या सामन्याच्या दिवशी घंटा व्हायच्या आधी तो थेट पगारी लोकांच्या खोलीत घुसला. आत कुणी मोजे चढवत होतं, कुणी सर ऑब्रींच्या चालण्याची नक्कल करत होतं. नक्कल करणारा पटकन बाकावर बसला.

"आज मी तुमच्या फाटकातून जाणार. तुमच्या पुढं."

पेगलर बुटाची नाडी आवळत होता. मान वर न करता म्हणाला, "साहेब, या खोलीत येताना दार वाजवायची पद्धत आहे."

"अरे, मी तुमच्याच बाजूनं भांडतोय!"

"ते कळलं. पण तुम्ही पायऱ्यांनीच जा. ऐका माझं."

"पेगलर, कप्तान मी आहे!"

या वाक्यापुढं सार्जंट काय बोलणार? पेगलर उठला. रॅल्फ पुढं, पगारी मागं, अशी वरात त्या फाटकातून निघाली. संघातले बाकीचे दोघे हौशी पायऱ्यांवर तोंड वासून बघत राहिले. लोक उभे राहिले. "शाब्बास मेजर!" गावच्या वर्तमानपत्रात फोटो आला, एकट्या रॅल्फचा.

आणि कमिटीनं बोलावलं कुणाला? पेगलरला! चोर सोडून संन्याशाला फाशी. म्हणे यानंच मेजरचं डोकं फिरवलं, हाच पगारी लोकांना चिथावतो. करार महिनाअखेरीस बंद.

रॅल्फनं त्याच दुपारी राजीनामा दिला आणि तडक पेगलरच्या घरी गेला. पेगलर परसात वाटाण्याच्या वेलांना काठ्या लावत होता.

"फेकला त्यांच्या तोंडावर राजीनामा!" रॅल्फ म्हणाला.

"वा. तुम्ही सुटलात. आणि मी?"

"तुझ्यासाठीच तर..."

"माझ्यासाठी?" पेगलरनं हातातली काठी मोडली. "एका शब्दानं विचारलंत? मी तुमचं काय घोडं मारलं होतं हो? चाळिशी उलटलेला बोलर कोण ठेवतो? हे घर क्लबचं आहे, मेजरसाहेब. बायको आत सामान बांधतेय."

"पण हा अन्याय आहे, टॉम!"

"मला सांगता? त्या फाटकातून मी रोज जातो! आम्ही बोललो असतो, आमच्या तोंडानं, आमची वेळ बघून. टाळ्या तुम्हाला, लाथ मला. भीक नको पण कुत्रा आवर, असं झालंय!"

रॅल्फला कुणावर तरी ओरडायचं होतं. ओरडावं असा आता तो स्वतःच तेवढा उरला होता.

दुसऱ्या दिवशी तो सर ऑब्रींकडं गेला. टोपी हातात धरून म्हणाला की सगळं माझंच, पेगलरनं उलट मला अडवलं होतं, माझी चूक झाली. जन्मात पहिल्यांदा त्यानं राग गिळला, आणि तो गिळताना घसा सोलून निघाला. सर ऑब्रींनी बिस्किट पुढं केलं. पेगलरचा करार राहील, म्हणाले, पण तू कप्तान राहा आणि लोकांदेखत पायऱ्यांनी उतर.

तो उतरला. "भ्याला! मेजर भ्याला!" लोक ओरडले. परवा टाळ्या वाजवणारेच ते. पेगलर आणि बाकीचे बाजूच्या फाटकातून आले, आणि त्यांच्यातल्या कुणीही त्याच्याकडं पाहिलं नाही.

रॅल्फनं चेंडू पेगलरच्या हातात दिला. कान पेटले होते. "मी कुठं उभा राहू?" त्यानं विचारलं.

पेगलरनं सीमेकडं बोट केलं. सगळ्यात लांब, जिथं दुखऱ्या कमरेनं धावताना जीव जाईल तिथं. रॅल्फ लंगडत निघाला.

"अजून मागं," पेगलर ओरडला.

रॅल्फ अजून मागं सरकला.