कोरं पान वाचणारी मावशी

हे मी लिहिणारच नव्हते. तीनदा सुरू केलं, तीनदा पुसून टाकलं. कारण यात माझी चूक आहे. पण आज नाही लिहिलं तर कधीच नाही लिहिणार, मी मला चांगली ओळखते.

तर मावशी. सख्खी नाही, छापखान्यातली. अंध माणसांसाठी ब्रेलची पुस्तकं छापतात तो छापखाना. कॉलेजात समाजसेवेचे साठ तास भरायचे होते, मैत्रिणींनी झाडं लावायचं पटकावलं, मी उशिरा पोचले म्हणून माझ्या वाट्याला हे आलं. दर शनिवारी सकाळी लांबलचक टेबलापाशी बसायचं. माझ्या हातात साधं छापील पुस्तक, समोर मावशी. ती जन्मापासून आंधळी. ताजं ब्रेलचं पान मी तिच्यापुढे ठेवायचं, ती बोटं फिरवत मोठ्यानं वाचणार, मी माझ्या पुस्तकात बघत राहणार. पानात ओळ गळलेली असली की तिच्या वाचण्यातही गळणार आणि मी पकडणार. याला तिथे प्रूफ म्हणतात. मावशी हे एकतीस वर्षं करत होती.

पहिल्या दिवशी मी "अहो मावशी" म्हटलं तर म्हणाली, "मावशीला अहो? घरी आईला काय अर्ज लिहून हाक मारतेस?" सुपरवायझरना ती 'चष्मेवाले' म्हणायची. "खोलीत एवढी माणसं, पण डोळ्यांची तक्रार एकट्या त्यांचीच!" ते पण हसायचे.

आमच्याकडे तेव्हा ख्रिस्ती धर्मग्रंथाचं काम होतं. मावशी स्वतः ख्रिस्ती, आणि नुसती नावाला नाही. मला देवाबिवातलं काही कळत नाही, म्हणून चहाच्या सुट्टीत मी वाट्टेल ते विचारायचे.

"मावशी, तुमचा देव दिसतो का गं कोणाला?"

"दिसत नाही. तो स्वतःला कळवतो. आमच्यात शिकवतात, त्यानं केलेल्या गोष्टींवरून तो कळतो. आकाश, डोंगर, तारे. ज्याला धर्माचं अक्षर माहीत नाही त्यालाही तेवढा कळतो म्हणे."

"आणि तुला?"

"माझ्यापुढे आकाश कधी आलंच नाही ना." ती हसली. "मला उरलं वचन. त्यानं बोललेलं, लिहून ठेवलेलं. आठ वर्षांची होते, शाळेतल्या बाईंनी माझं बोट धरून पानावर ठेवलं. मला वाटलं मुंग्या आहेत. मग हळूहळू त्या मुंग्या बोलायला लागल्या. तोवर लोक मला देवाबद्दल सांगायचे. त्या दिवसापासून तो स्वतः सांगायला लागला. मध्ये कोणी नाही."

"पण आता तर सगळं मोबाइलवर ऐकता येतं की."

"पत्र माझ्या नावाचं आणि वाचणार पोस्टमन? नको बाई."

आता तो शनिवार. टाळून टाळून किती टाळणार.

त्या दिवशी गुहेतल्या माणसाची गोष्ट होती. तो जिवाला कंटाळून लपलेला असतो. वादळ येतं, देव वादळात नसतो. भूकंप होतो, त्यातही नसतो. आग लागते, तिच्यातही नाही. मग अगदी बारीक, जेमतेम ऐकू येईल असा आवाज येतो आणि तेव्हा त्या माणसाला कळतं, हा देव. मावशी काय वाचत होती! माझ्या अंगावर काटा. एक शब्द चुकला नाही. पान संपलं, मी उचललं, खिडकीतलं तिरपं ऊन त्याच्यावर पडलं आणि बघते तर पानावर एकसुद्धा ठिपका नाही. यंत्रातून कागद तसाच सरकून आला असणार. ब्रेलचे ठिपके म्हणजे पांढऱ्यावर पांढरे, सरळ बघून मला कधी दिसायचेच नाहीत, म्हणून मी न बघता पुढे केलेला.

मला वाटलं ती माझी फिरकी घेतेय. शप्पथ, खरंच तसं वाटलं. मी हसत ओरडले, "अगं मावशी, हे पान तर कोरं आहे!"

टेबलापाशी आणखी सात जण वाचत होते. सगळ्यांची बोटं जागच्या जागी थांबली.

मावशीनं हात पुढे केला. मी पान दिलं. ती त्याच्यावर दोन्ही तळवे फिरवत राहिली, उलटं करून फिरवले, परत सुलटं. तेव्हा मला तिच्या बोटांच्या टोकांवरचे भाजल्याचे डाग दिसले. चार-पाच. एकही तिला समजला नव्हता.

वीस वर्षांचा मधुमेह. आधी पायांची जाणीव गेली, मग बोटांची. तो ग्रंथ तिला तोंडपाठ, म्हणून पाच महिने ती निव्वळ पाठांतरावर वाचत होती आणि आम्हाला कोणाला पत्ता नाही. चष्मेवाले वाईट माणूस नाहीत, पण पाच महिन्यांची प्रूफं परत तपासावी लागली आणि सव्वीस ठिकाणी ओळी गळलेल्या निघाल्या. मावशीनं त्या सगळ्या वाचल्या होत्या. जिथे नव्हत्या तिथेही.

तिला घरी बसायला सांगितलं. जाताना घडीची काठी उघडता उघडता मला एवढंच म्हणाली, "हळू बोलली असतीस तर चाललं असतं गं."

त्यानंतर मी सात शनिवार तिच्याकडे गेले नाही. सात! कधी सबमिशन, कधी सर्दी. खरं कारण म्हणजे मला तोंड दाखवायची लाज वाटत होती. आणि तिला तर तोंड दिसणारही नव्हतं, एवढी मी मूर्ख.

आठव्या शनिवारी गेले. दार तिच्या धाकट्या बहिणीनं उघडलं. "आलीस होय? जा आत, बघ काय चाललंय. मी तर हात टेकले."

मावशी पलंगाच्या कडेला बसली होती आणि ब्रेलचं पान तिनं तोंडाला लावलं होतं. कोणीतरी तिला सांगितलं होतं की बोटं गेलेली माणसं ओठांनी वाचतात. खालचा ओठ फुटून त्याला खपली धरलेली. पान लाळेनं ओलं. ओला कागद मऊ पडतो, ठिपके बसतात. म्हणजे ती जितकं वाचायला जाणार तितकं पुसलं जाणार. पलंगावर अशी दहा-बारा पानं वाळत घातली होती.

"मी आहे, मावशी."

"कळलं. चपला अजून फरफटतच चालतेस." पान खाली केलं. "सकाळपासून बसलेय. एक शब्द लागला."

"कुठला?"

"आणि."

"आणि काय?"

"आणि काही नाही. पुढचं ओलं झालं." ती हसायला गेली आणि ओठातून रक्त आलं. मी रुमाल दिला, तो तिच्या हातातून पडला, तिला कळलं नाही. मग ती रडली. मी तिला कधी रडताना पाहिलं नव्हतं. "त्यानं माझ्याशी बोलणं बंद केलंय गं. डोळे दिले नाहीत, मी कधी हूं की चूं केलं नाही. एक दार होतं. तेही लावून घेतलं."

काय बोलायचं असतं अशा वेळी? मला काही सुचेना, म्हणून तिचंच तिला म्हटलं, "पण तूच सांगितलं होतंस ना, शेवटी तो नुसतं लिहून थांबला नाही, स्वतः माणूस होऊन आला?"

"आला ना. तेच तर सगळ्यात मोठं कळवणं. लोकांना हात लावता आला त्याला. आंधळ्यांनीसुद्धा लावला. मला कुठे लावायचा? कशानं लावायचा?"

मी तिची बोटं धरली. घट्ट. तिचा चेहरा तसाच. "धरलंयस का?" तिनं विचारलं. मी हात वर सरकवला. तळवा. "नाही." मनगट. "नाही गं." मनगटाच्या चार बोटं वर आले.

"थांब," ती म्हणाली. "इथे. इथे कळतंय."

मी हलले नाही. बहिणीनं आणून ठेवलेला चहा गार झाला, ती परत डोकावून गेली.

"देव वाटतोय का?" मी विचारलं. काहीही विचारते मी.

"चल, वेडी. तूच आहेस. घामट हात." पण हात काढून घेतला नाही. मी निघताना म्हणाली, "पुढच्या शनिवारी ये. वाचून दाखवू नकोस. नुसती इथे धर."

ती बरी होणार नाहीये. देव परत बोलला का, तर नाही, मी दर वेळी विचारते. डॉक्टर म्हणाले, ही बधिरता आणखी वर चढू शकते. गेल्या शनिवारी चार बोटांच्या जागी काही कळलं नाही, पाच बोटं वर जावं लागलं.

तुमचंही कोणाकडे तरी जायचं राहिलं असेल. लाजेनं म्हणा, आळसानं म्हणा. काय बोलायचं ते ठरवत बसू नका, मलाही सुचलं नव्हतं. जाऊन भेटा आणि हात धरा. जिथे कळत नसेल तिथून थोडा वर धरा. पण या शनिवारीच जा.