पहिल्या ओळीतलं नाव

“हा गोविंदा कोण?” ज्याच्या बंगल्याचा नकाशा आम्ही काढत होतो, त्या मालकानं स्क्रीनकडे बोट करत विचारलं.

सर हसले. “हिचा बाप. दगड फोडते तो.”

मालकही हसला. बुलढाण्यातल्या सरांच्या त्या ऑफिसात एक खुर्ची रिकामी होती. मला बस कोणी म्हणालं नाही. मी हातात प्रिंट धरून उभी. कान तापलेले.

मी तिथं कॉम्प्युटरवर नकाशे काढायची. नकाशात दगडी भिंत दाखवायला आत दगडांचा नमुना भरतात, त्याला हॅच म्हणतात. सरांनी कुठून तरी आणलेल्या हॅचमध्ये सांध्यावर सांधा येत होता. मी तो कागद घरी बाबांना दाखवला. अमडापूरजवळच्या आमच्या गावात ते विहिरी बांधायचे.

“अशी भिंत उभी राहात नाही, बाई.”

रविवारी मी त्यांनीच बांधलेल्या विहिरीवर गेले. कठड्याचा एकेक दगड मोजला, तसाच काढला. पण त्या चित्राचा हॅच करायचा तर त्याचा एकच चौकोन पुन्हा पुन्हा शेजारी ठेवला तरी जुळत जावा लागतो. माझा जुळेना. जोडावर सरळ रेघ पडायची, भिंतीला तडा गेल्यासारखी. पुन्हा बाबांनाच विचारलं.

“कडेचा दगड तोडू नको. त्याले पल्याड जाऊ दे.”

डाव्या कडेला अर्धा राहिलेला दगड मी उजव्या कडेला पुरा केला. भिंत सलग झाली. हॅचच्या फाइलीत पहिल्या ओळीत नाव लिहावं लागतं, तेच स्क्रीनवर दिसतं. मी बाबांचं लिहिलं. दुसऱ्या कोणाचं लिहिणार होते?

मालक बीटी कपाशीचं बियाणं विकायचा. त्या दिवशी तो म्हणाला, “थैलीवर कंपनीचं नाव राह्यते. निंदणाऱ्या बाईचं नाही.”

“आत्ताच्या आत्ता बदल,” सर म्हणाले. “ऑफिसचं नाव टाक.”

त्या वर्षी बोंडअळीनं कपाशी खाल्ली होती. गावात कोणी विहीर काढत नव्हतं, बाबा घरी बसून होते. घर माझ्या पगारावर चालायचं आणि हे सरांना पक्कं ठाऊक होतं. ऑफिसातले बाकीचे तिघं आपापल्या स्क्रीनमध्ये घुसले. त्यांच्याबरोबर मी दोन वर्षं काढली, डबा मात्र जिन्यात एकटीनं खाल्ला. तरी त्या दिवसाइतकी एकटी मी कधी नव्हते.

“नाव नाही बदलणार.”

“मग घरी जाय.”

मी गेले. बसमध्ये रडले. भीतीनंच रडले, खोटं कशाला सांगू.

माझ्यामागे त्यांनी नाव बदललंच असणार. मिनिटाचं काम. आता मी घरीच, जुन्या कॉम्प्युटरवर हॅच करून देते. काम थोडं मिळतं. दिवसभर बोलायला कोणी नसतं. पण ज्या कारागिराचं काम मोजून मी नमुना काढते, त्याचं नाव पहिल्या ओळीत असतं. गिऱ्हाईक म्हणतं, तेवढं नाव काढून द्या.

मी म्हणते, नाव नको असेल तर विहिरीवर जा आणि दगड स्वतः मोजा.