तिसऱ्या मजल्याचा अर्ज

परतीचा अर्धा रस्ता संपला तरी भाऊजींनी एकही शब्द शिकवला नव्हता. घाव खोल गेलाय, हे वहिनींनी ओळखलं. सकाळी पाणीखात्याकडे जाताना गडी कसा रंगात होता!

"वहिनी, झीरिक म्हणा. एक्स लिहायचा, पण म्हणायचा झ. झीरिक, म्हणजे कोरडा."

"कोरडा म्हटलं तर जीभ झिजते का, भाऊजी?" मराठी शाळेत शिकलेल्या वहिनी म्हणाल्या होत्या.

भाऊजींची सगळी नोकरी पाकिटं चिकटवण्यात गेली. एकदा साहेबांनी भर ऑफिसात त्यांच्या इंग्रजी उच्चारांची नक्कल करून सगळ्यांना हसवलं. त्या दिवसापासून साहेबांच्या बापालाही येणार नाही असा एक शब्द रोज वहीत. एकवीस वह्या भरल्या. ऐकायला माणूस मात्र मिळेना. जिन्यात भाऊजी दिसले, की शेजाऱ्यांना घरात काहीतरी विसरल्याचं आठवे.

मग तिसऱ्या मजल्यावर पाणी चढेनासं झालं. आई अंथरुणाला खिळलेली. तिच्या आंघोळीसाठी भाऊजी दुखऱ्या गुडघ्यानं बादल्या वर नेऊ लागले. अर्ज अर्थात त्यांनीच लिहिला: मजला झीरिक झाला आहे, खात्याने टर्जिव्हर्सेशन थांबवावे. चार महिने अर्ज टेबलाटेबलांवरून फिरला. प्रत्येकानं 'पाहिले' लिहून पुढे ढकलला.

आज खिडकीतल्या बाईनं सरळ सांगितलं, "काका, हा कुणालाच कळला नाही. पण आमच्या साहेबांसमोर तसं म्हणणार कोण? आणि साहेब तरी विचारणार कुणाला?"

भाऊजींचा चेहरा उजळला. "टर्जिव्हर्सेशन म्हणजे टाळाटाळ. जोर 'से'वर द्यायचा..."

"अहो, नळाला पाणी येत नाही," वहिनी मध्येच म्हणाल्या.

"मग असं लिहा की! उद्या आणून द्या, लगेच माणूस पाठवते."

आता वळणावर भाऊजी गुडघा धरून थांबले.

"मनाला लावून घेऊ नका," वहिनी म्हणाल्या. "देवापुढे दिवा लावताना मीही एवढंच म्हणते, सासूबाईंच्या नळाला पाणी येऊ दे. त्याला बरोबर कळतं."

"मग आलं कुठे पाणी?"

"मधे तुमचा अर्ज होता ना!"

भाऊजींना हसू फुटलं. त्यांनी खिशातला कोरा कागद वहिनींच्या हातात दिला. "तुम्हीच लिहा. साध्या मराठीत. सही मी करतो." मग इकडेतिकडे बघून हळूच म्हणाले, "फक्त शेवटी, कंसात, एक झीरिक राहू द्या."