मोठ्या मायचा भावानुवाद

माझ्या आईच्या थोरल्या बहिणीला आम्ही मोठी माय म्हणतो. तिचं घर धानोऱ्याच्या पुढे, जंगलाला लागून. तिथे सगळे गोंडीच बोलतात. मी शिकून गडचिरोलीत नोकरीला लागले, म्हणून आदिवासींवर माहितीपट करायला आलेल्या एका शहरातल्या बाईंनी मला दुभाषी म्हणून सोबत घेतलं. मी त्यांना मोठ्या मायकडे नेलं.

मोहफुलांचे दिवस होते. मोठी माय टोपली घेऊन झाडाखाली आली. बाईंनी कॅमेऱ्यातून पाहिलं आणि त्यांचं तोंड उतरलं. आधी त्यांनी तिची प्लास्टिकची पाण्याची बाटली बाजूला सारली. मग म्हणाल्या, "आजींना चष्मा काढायला सांगाल? फार शहरी वाटतो तो."

"त्याच्याशिवाय तिला दिसत नाही," मी म्हटलं.

"थोडाच वेळ हो."

मोठ्या मायने चष्मा काढून माझ्या हातात दिला. वाकून चाचपडत वेचू लागली. फुलांबरोबर खडे, वाळकी पानं टोपलीत पडत होती. वेचता वेचता ती गोंडीत काही बोलली. मी आमच्याकडच्या मराठीत बाईंना लगेच सांगितलं, "ते म्हणते, मले काही दिसून नाई राह्यलं, फुलं सोडून खडेच वेचून राह्यली. या बाईले विचार, आपल्या आजीचा चष्माही असाच काढून घेते का?"

बाई हसल्या. "किती गोड बोलतात," म्हणाल्या.

पुढच्या हिवाळ्यात नागपूरला फिल्म दाखवली. पडद्यावर मोठी माय वाकलेली, मागे बासरी. आमच्या गावात बासरी कोणी वाजवत नाही. मोठी माय तेच बोलली, आणि खाली ओळ उमटली: 'मला डोळे कशाला हवेत? जंगलच माझा हात धरून नेतं.' शेजारचा माणूस "वा" म्हणाला.

प्रश्नांची वेळ आली तेव्हा मी उभी राहिले आणि ती खरं काय बोलली होती ते सगळ्यांना सांगितलं. बाई माइक धरून शांतपणे म्हणाल्या, "तो भावानुवाद आहे. मला शब्दांपलीकडचं पकडायचं होतं."

"शब्दांपलीकडे काही नव्हतं, ताई. तिला दिसत नव्हतं."

कोणीतरी विषय बदलला. मी चहाला न थांबता बस धरली.

गावी जाऊन मोठ्या मायला तो तुकडा फोनवर दाखवला, ओळ समजावून सांगितली. मला वाटलं होतं, ती हसेल. ती हसली नाही.

"मी असं बोललीच नाई, तं लिवलं काऊन?"

तिने ते ग्रामसभेत विचारलं. बराच वेळ वाद झाला आणि ठरलं, की कोणीही चित्रीकरण केलं तर फिल्म आधी गावात दाखवायची, खालच्या ओळी आमच्याच माणसांनी तपासायच्या. त्यानंतर आलेली एक मंडळी हे ऐकून जीप वळवून निघून गेली. दुसरी राहिली.

बाईंची फिल्म अजून फिरते आहे. ओळ बदला म्हणून मी कळवलं, तर म्हणाल्या, "पुढच्या फिल्मच्या वेळी नक्की लक्षात ठेवू." फिल्म पाहिलेले लोक भेटले की सांगतात, तुमची माणसं किती सुंदर बोलतात. मी त्यांना तिथेच उभं करून ती काय बोलली ते सांगते. काहींना माझं बोलणं उद्धट वाटतं. वाटू दे.